बोरूच्या बेटांतील गायक

आमच्या आजोबांच्या पिढीनें अक्षरें गिरविलीं तीं बोरूनें. पाण्याकांठचा एक सरळ दांडा तोडावा, सावलींत वाळवावा, धारदार चाकूनें त्याचें टोंक तिरकें कापून मधोमध बारीक चीर द्यावी, कीं लेखणी तयार. ती दौतींत बुडवून मोडी लिहिणारे कुळकर्णी व कारकून या सातारा प्रांतांत गांवोगांव होते. आणि लेखणीवर पोट भरणारास ‘बोरूबहाद्दर’ म्हणण्याची चाल त्यामुळेंच पडली. आज आपल्या शाळेंत बोरू बाहेर निघतो तो सुलेखनाच्या स्पर्धेपुरता. तो ज्या वनस्पतीपासून मिळतो ती पाण्यांत पाय सोडून कशी उभी असते, हें डोळ्यांनीं पाहिलेलीं मुलें आतां थोडींच राहिलीं आहेत.

परंतु बोरूस विसरून ज्यांचें चालणार नाहीं असे कांहीं जीव आहेत. त्यांपैकीं एका पांखराची ओळख वाचकांस करून द्यावी, असें आम्हीं योजिलें आहे. मात्र त्यापूर्वीं आमच्या हातून घडलेली एक चूक सांगणें प्राप्त आहे. कारण त्या चुकीवांचून हा लेख लिहिण्याचें आम्हांस सुचलेंच नसतें.

दोन वर्षांपूर्वीं जानेवारी महिन्यांत इयत्ता नववीच्या मुलामुलींस घेऊन आम्ही श्रमदानास गेलों होतों. पाटणाहून कऱ्हाडकडे जाणाऱ्या वाटेवर एका गांवाबाहेर लहानसें तळें आहे. त्याच्या एका अंगास बोरू व पाणकणीस यांचें दाट बेट माजलें होतें. गांवकऱ्यांची तक्रार अशी कीं, त्यांत डांस होतात, साप राहतात आणि बायकांस धुण्यासाठीं पाण्यांत उतरतां येत नाहीं. आम्हीं विळे, कोयते व दोर बरोबर नेले होते. सकाळीं आठपासून मुलांनीं असें झपाट्यानें काम केलें कीं, दुपारपर्यंत तळ्याचा कांठ तळहातासारखा स्वच्छ झाला. गांवानें गूळ-शेंगदाण्यांनीं आमचा सत्कार केला. भाऱ्यांच्या राशीपुढें उभ्या असलेल्या मुलांचें छायाचित्र निघालें, आणि त्या वर्षींच्या या वार्षिकांत तें छापलेंहि गेलें.

काम संपत आलें असतां एक मुलगी कापलेल्या भाऱ्यांतून चार दांडे अलगद उचलून आमच्याकडे घेऊन आली. ते चारहि दांडे एकमेकांस बांधल्यासारखे होते, आणि त्यांच्या मधोमध खोलगट वाटीसारखें एक घरटें होतें. तें रिकामें होतें. पावसाळा केव्हांच सरला होता, पिलें उडून गेलीं होतीं. ‘सर, हें कोणाचें घर?’ तिनें विचारलें. आम्हीं पदवी घेतली आहे, आणि आज वीस वर्षें मुलांस शिकवीत आहों. पण त्या प्रश्नाचें उत्तर आम्हांस ठाऊक नव्हतें. ‘सुगरणीचें असेल,’ असें आम्ही बोलून गेलों. ती म्हणाली, ‘पण सर, सुगरणीचा खोपा टांगलेला असतो. हा तर उभ्या काठ्यांना धरून आहे.’

तिचें म्हणणें खरें होतें, व आमचें खोटें होतें. आम्हीं तें घरटें शाळेंत आणलें, आणि त्याचें चित्र एका पक्षिज्ञ स्नेह्यांकडे पाठविलें. त्यांचें उत्तर आलें: हें बोरूंत राहणाऱ्या वटवट्याचें घरटें आहे, बोरू राखला असता तर पुढल्या विणीस तो तेथें पुन्हां आला असता. त्या पावसाळ्यांत आम्ही दोन वेळां त्या तळ्यावर गेलों. पाणी निवळ होतें, कांठ मोकळा होता, आणि सगळीकडे शांतता होती. त्या शांततेंत काय हरवलें आहे, हें मात्र त्या वेळीं आम्हांस समजलें नाहीं.

तें समजलें गेल्या वर्षींच्या जून महिन्यांत. सांगली जिल्ह्यांत कृष्णाकांठच्या एका गांवीं आम्ही एका नातलगांकडे गेलों होतों. नदीच्या एका वळणावर पाणी संथ होऊन बोरूचें मोठें बेट वाढलें आहे. पहांटे आम्ही तेथें जाऊन बसलों. पंधरा मिनिटें गेलीं. एकहि पांखरूं दिसलें नाहीं, पण अवघें बेट बोलत होतें. एक आवाज उजवीकडून उठे, दुसरा डावीकडून त्यास उत्तर देई. त्या दिवशीं आम्हांस कळलें कीं, तळ्याचा कांठ आम्हीं नुसता स्वच्छ केला नव्हता. आम्हीं तो मुका केला होता.

आतां या पांखराचें वर्णन करूं. लहान, मातकट रंगाच्या आणि सारख्या बोलत राहणाऱ्या पक्ष्यांच्या एका मोठ्या समूहास मराठींत ‘वटवट्या’ असें यथार्थ नांव आहे. आपल्या परसांत तुरुतुरु फिरणारा, शेंपटी उभारणारा राखी वटवट्या पुष्कळांनीं पाहिला असेल. प्रस्तुत पक्षी त्याच्याहून बराच मोठा आहे. त्यास आपण बोरूवटवट्या म्हणूं. त्याची लांबी चोंचीपासून शेंपटीच्या टोंकापर्यंत सुमारें १९ सेंटिमीटर. म्हणजे तो चिमणीहून मोठा, जवळजवळ बुलबुलाएवढा, पण अंगानें सडपातळ असतो. पाठ तपकिरी, पोट फिकट पिवळसर पांढरें, डोळ्यावर भुंवईसारखी एक पुसट रेषा, चोंच लांब व बळकट. नर व मादी दिसण्यांत सारखींच. ना तुरा, ना रंगीत पीस, ना डौलदार शेंपूट. वाळलेल्या बोरूवर तो स्तब्ध बसला, तर दांडा कोठें संपतो आणि पक्षी कोठें सुरू होतो हें सांगणें कठीण.

रूप देतांना हात आखडता घेतला, पण आवाज देतांना मात्र सढळ हातानें दिला, असें या पक्ष्याच्या बाबतींत झालें आहे. विणीच्या दिवसांत नर दांड्यावर उंच चढून बसतो, गळ्याचीं पिसें फुलवितो आणि गाऊं लागतो. ‘चर्र-चर्र, करीट-करीट-करीट, चीप-चीप’ असे कांहीं खरखरीत व कांहीं मधुर स्वर एकामागून एक मोठ्यानें बाहेर पडतात. हें गाणें म्हणावें कीं भांडण, असा ऐकणारास प्रश्न पडतो. होमर या ग्रीक कवीच्या ‘इलियड’ काव्यांत स्टेंटर नांवाचा एक वीर आहे. त्याच्या एकट्याचा आवाज पन्नास माणसांच्या आवाजाएवढा होता, असें तेथें सांगितलें आहे. १८३३ सालीं ईजिप्तांतील नमुन्यांवरून या जातीचें शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध झालें, तेव्हां शास्त्रज्ञांस त्या स्टेंटरचीच आठवण झाली, आणि ‘ॲक्रोसेफालस स्टेंटोरियस’ असें तिचें नामकरण झालें. ईजिप्तपासून इराणमार्गें आपल्या देशापर्यंत व पुढें आग्नेय आशियापर्यंत ही जात पसरली आहे. काश्मिरांतील दल सरोवराच्या बोरूंत हा पक्षी उन्हाळ्यांत विपुल घरटीं करतो. आणि मुंबईच्या उपनगरांत खाडीकांठच्या बोरूंतहि त्याचा कोलाहल ऐकावयास मिळतो.

हें सर्व गाणें कशासाठीं? तर ‘एवढा बोरू माझा आहे’ हें दुसऱ्या नरांस बजावण्यासाठीं, आणि मादीस आपलें ठिकाण कळविण्यासाठीं. दाट बेटांत डोळ्यांस चार हातांपलीकडचें दिसत नाहीं. तेथें रंगीत पिसाऱ्याचा उपयोग काय? जेथें दृष्टि पोंचत नाहीं तेथें आवाज पोंचतो. म्हणून मोरानें उघड्या माळावर पिसारा फुलवावा, आणि बोरूवटवट्यानें पात्यांआड गळा मोकळा करावा, हेंच दोघांसहि साजतें.

आतां त्या घरट्याकडे वळूं. सुगरणीच्या खोप्याची कीर्ति मोठी आहे, आणि ती योग्यच आहे; पण बोरूवटवट्याची कारागिरी कमी नाहीं. सुगरण आपलें घर फांदीस लोंबकळतें ठेवते. बोरूवटवट्यास फांदी मिळत नाहीं. त्यास मिळतात ते केवळ वाऱ्यानें हलणारे गुळगुळीत उभे दांडे. त्यावर घर टेकणार कसें? तर जवळजवळच्या तीन-चार दांड्यांस तो पाण्यापासून कांहीं उंचीवर पात्यांच्या चिंध्या व तंतू गुंडाळतो, आणि त्या वेढ्यांतून वाटी विणून काढतो. या कुळांतील पक्षी पुष्कळदां पातीं ओलीं करून गुंडाळतात. तीं वाळलीं कीं आकसतात, आणि दांड्यास घट्ट आवळून बसतात. चाकाच्या धावेस लोहार तापवून बसवितो, ती निवतांना आवळते. तत्त्व निराळें असलें तरी युक्ति तीच. वाटी खोल असते, कारण वाऱ्यानें बोरू वांकला म्हणजे घरटेंहि कलतें. उथळ घरट्यांतून अंडीं पाण्यांत पडलीं असतीं. अंडीं बहुधा तीन ते पांच, कधीं सहा. खालीं पाणी असल्यामुळें मुंगूस व मांजर यांस घरट्यापर्यंत सहज जातां येत नाहीं. म्हणजे पाणी हें या घराचें कुंपण, बोरू हे खांब, आणि वारा हा पाळणा हलविणारा.

विद्यार्थ्यांनो, येथें एक गोष्ट तुमच्या ध्यानांत यावी. हा पक्षी डोळ्यांनीं शोधूं गेल्यास सांपडत नाहीं. कानांनीं शोधावा लागतो. कानांनीं पाहण्याची ही विद्या शास्त्रांत कमी मोलाची नाहीं. इंग्लंडांतील सेलबोर्न या खेड्यांत गिल्बर्ट व्हाइट नांवाचे एक धर्मोपदेशक राहत असत. त्यांच्या गांवच्या झाडींत हिरवट रंगाचीं अगदीं लहान पांखरें येत. त्यांत किती जाती आहेत याचा निर्णय विद्वानांस होत नव्हता, इतकीं तीं दिसण्यांत सारखीं होतीं. व्हाइट यांनीं त्यांचें गाणें ऐकलें, तें वेगवेगळें भरलें. मग त्यांनीं पक्षी ताडून पाहिले, आणि १७६८ सालीं आपल्या एका मित्रास पत्रानें कळविलें कीं, या निश्चितपणें तीन जाती आहेत. पुढें १७८९ सालीं त्यांचीं पत्रें पुस्तकरूपानें निघालीं, तीं आजहि आवडीनें वाचलीं जातात. या शोधास त्यांस दूरदेशीं जावें लागलें नाहीं. आपल्याच गांवाच्या झाडींत रोज नेमानें कान देऊन उभें राहावें लागलें.

काळजीपूर्वक न पाहिल्यानें काय होतें, याचेंहि एक उदाहरण बोरूवटवट्याच्याच कुळांत आहे. ॲलन ऑक्टेव्हियन ह्यूम यांचें नांव तुम्हीं इतिहासांत वाचलें आहे. १८८५ सालीं मुंबईस भरलेल्या पहिल्या राष्ट्रीय सभेच्या उभारणींत त्यांचा मोठा वांटा होता. हेच ह्यूम पक्षिशास्त्राचेहि मोठे पंडित होते. १८६७ सालीं हिमालयांत सतलज नदीच्या खोऱ्यांत त्यांस एक वटवट्या मिळाला. त्याची चोंच नेहमींच्या पक्ष्यांहून मोठी होती. ह्यूम यांनीं तो नवी जात म्हणून नोंदविला. पुढें तसा दुसरा पक्षी कोणासहि भेटेना. वर्षें लोटलीं, शतक लोटलें. हा एकच नमुना कदाचित् दुसऱ्या एखाद्या जातीचा विकृत पक्षी असावा, अशी शंका घेतली जाऊं लागली. २००२ सालीं त्याच्या पिसांतील आनुवंशिक द्रव्याची परीक्षा प्रसिद्ध झाली, आणि ह्यूम यांचें म्हणणें खरें ठरलें: जात निराळीच होती.

मग २००६ सालच्या मार्च महिन्यांत, म्हणजे १३९ वर्षांनीं, थायलंडांत फिलिप राउंड हे पक्षिशास्त्रज्ञ पक्ष्यांच्या पायांत वळीं घालण्याचें काम करीत असतां त्यांच्या जाळ्यांत एक वटवट्या आला. त्याची चोंच त्यांस नेहमींपेक्षां लांब वाटली, आणि तो हाच हरवलेला पक्षी निघाला. मौज अशी कीं, हें सर्व जेथें घडलें तें ठिकाण अरण्य नव्हतें. सांडपाणी शुद्ध करण्याचें तें एक केंद्र होतें. पाठोपाठ इंग्लंडांतील ट्रिंग येथील संग्रहालयांत शोध घेतां त्याच जातीचा दुसरा नमुना हातीं लागला. तो १८६९ सालीं आपल्याच देशांत मिळविलेला असून, दुसऱ्या जातीच्या चिठ्ठीखालीं सव्वाशेंहून अधिक वर्षें खणांत पडून होता! अखेरीस २००९ च्या सुमारास अफगाणिस्तानच्या ईशान्य कोपऱ्यांतील डोंगराळ खोऱ्यांत या जातीचीं वसतिस्थानें सांपडलीं. पक्षी कोठें नाहींसा झाला नव्हता. तो समोर असून त्यास नीट पाहणारा डोळा व नीट ऐकणारा कान मिळत नव्हता. आमच्या तळ्यावरहि वेगळें काय घडलें?

ज्या जातीच्या चिठ्ठीखालीं तो नमुना पडून होता, ती जात आपल्या अगदीं ओळखीची होण्यासारखी आहे. तिचें नांव ब्लिथचा बोरूवटवट्या. एडवर्ड ब्लिथ हे कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीच्या संग्रहालयाचे रक्षक होते. त्यांनीं १८४९ सालीं तिचें वर्णन केलें. नांवांत बोरू असला तरी हा पक्षी पाण्यास बांधलेला नाहीं. झुडपांत, बागांत व कुंपणांतहि तो राहतो. वजन अवघें दहा-बारा ग्रॅम. त्याचें जन्मस्थान फिनलंड, रशिया व मध्य आशिया या दूरच्या प्रदेशांत आहे. तेथें थंडी पडूं लागली कीं तो रात्रीं प्रवास करीत पांच-सहा हजार किलोमीटरहि ओलांडतो, आणि आश्विन-कार्तिकांत सह्याद्रीच्या कुशींत येऊन हिवाळा काढतो. वैशाख येईतों बहुतेक परत गेलेले असतात. आपल्या शाळेच्या कुंपणाच्या घाणेरींतून दिवाळीनंतर ‘चक्… चक्…’ असा दोन दगड एकमेकांवर टिचकल्यासारखा आवाज येतो, तो याचा. ज्यास आपण आजवर किड्याचा आवाज समजलों, तो फिनलंडच्या रानांतून आलेला पाहुणा असूं शकेल!

आतां कोणी विचारील, आपल्याजवळ शिवसागरासारखा अफाट जलाशय असतां बोरूवटवट्यास लहानशा तळ्याची काय मातब्बरी? प्रश्न योग्य आहे. उत्तर मात्र बोरूच्या स्वभावांत आहे. बोरूस खोल पाणी मानवत नाहीं. त्यास लागतें गुडघाभर, संथ, वर्षभर फारसें न हलणारें पाणी व मऊ गाळ. कोयनेचें धरण १०३ मीटर उंच आहे. या मुलुखांत वर्षाकांठीं पांच हजार मिलिमीटरच्या घरांत पाऊस पडतो. तो सांठवून जलाशय आश्विनाच्या सुमारास कांठोकांठ भरतो, आणि वीज व शेती यांसाठीं पाणी सोडल्यावर उन्हाळ्यांत कित्येक मीटर खालीं उतरतो. मग चहूंकडे तांबड्या मातीचा उघडा उतार दिसूं लागतो. जो कांठ चार महिने पाण्याखालीं बुडतो आणि चार महिने उन्हांत भाजतो, तेथें बोरूनें मूळ धरावें कसें? म्हणून अफाट सागराकांठीं त्याचें बेट क्वचित् दिसतें, आणि गांवच्या तळ्यांत, पाटाच्या पाझरांत व नदीच्या संथ वळणांवर तें उभें राहतें.

या भागांतील अरण्यास संरक्षण आहे. कोयना अभयारण्य १९८५ सालीं जाहीर झालें. पुढें तें व चांदोलीचें राष्ट्रीय उद्यान मिळून २०१० सालीं सह्याद्रि व्याघ्र प्रकल्प झाला. नाशिक जिल्ह्यांत गोदावरीवर नांदूर-मधमेश्वरचा बंधारा आहे. त्याच्यामागें गाळ सांचून जी दलदल व गवताळ बेटें तयार झालीं, त्यांस रामसर पाणथळ म्हणून जागतिक मान्यता मिळाली, आणि असा मान मिळविणारें तें महाराष्ट्रांतील पहिलें स्थान ठरलें. पण गांवाबाहेरच्या डबक्यास कोण अभयारण्य म्हणणार? तें पडीक, तें ओंगळ, तें बुजवून टाकावें किंवा उन्हाळ्यांत पेटवून द्यावें, अशीच आपली समजूत असते. आमचीहि तीच होती.

वास्तविक बोरू हा तळ्याचा रोग नसून रखवालदार आहे. त्याच्या आडव्या मुळ्या कांठची माती धरून ठेवतात. त्याच्या पोकळ दांड्यांतून हवा चिखलांत उतरते, तेथें सूक्ष्म जीव वाढतात, आणि ते पाण्यांतील घाण पचवितात. या गुणामुळेंच कित्येक देशांत, आणि आपल्या देशांतहि, सांडपाणी मुद्दाम बोरूच्या वाफ्यांतून सोडून शुद्ध करतात. डांसांची गोष्ट घ्या. बोरूच्या आडोशास लहान मासे व चतुरांचीं पिलें वाढतात, आणि तीं डांसांच्या अळ्या खातात. वर वटवट्या कीटक, अळ्या व कोळी टिपीत असतो. डांसांच्या भीतीनें आम्हीं बेट कापलें, आणि कीटक खाणारांसच हांकलून दिलें, हा शहाणपणा कोणत्या प्रतीचा, हें वाचकांनींच ठरवावें.

याचा अर्थ बोरूस हातच लावूं नये असा नाहीं. बोरूच्या चटया, टोपल्या, कुडाच्या भिंती यांवर कित्येक कुटुंबें पोट भरीत आलीं आहेत, आणि गांवास पाण्यापर्यंत वाटहि हवीच. बेट मुळींच न कापल्यास कालांतरानें तें गाळानें भरून सुकूं लागतें, हेंहि खरें. इंग्लंडांतील नॉरफोक प्रांतांत छपरांसाठीं बोरू कापतात. तेथें त्याचे भाग पाडून आळीपाळीनें कापण्याची रीत आहे. हीच रीत आपणांसहि घेतां येईल: विणीच्या दिवसांत विळा लावूं नये, पावसाळा संपून दांडे वाळल्यावर कापावें, एका सालीं अर्धें बेट कापावें, अर्धें राखावें, आणि आग कधींहि लावूं नये. पालकांसहि आमची नम्र विनंती आहे कीं, तळें साफ करण्याचा विचार गांवांत निघाला तर ‘सगळें एकदम’ या उत्साहास त्यांनीं थोडा आळा घालावा. वन्य पक्ष्यांचीं घरटीं व अंडीं यांचा नाश १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानेंहि निषिद्ध आहे. परंतु कायद्याच्या भीतीपेक्षां शेजारधर्माची जाणीव अधिक टिकते.

आमच्या संतांनीं पुरापुढें वांकणाऱ्या लव्हाळ्याचा दृष्टान्त देऊन नम्रता शिकविली. पवित्र शास्त्रांतील मोशेचें बाळपण नदीकांठच्या लव्हाळ्यांच्या आडोशानें वांचलें. पाण्याकांठच्या या गवताळ आडोशांनीं सान-थोर कितीतरी जीव सांभाळले आहेत. आम्ही शिक्षक, आम्हीं हे दृष्टान्त वर्गांत कित्येकदां सांगितले, आणि प्रत्यक्ष बोरू समोर येतांच विळा उचलला. पुस्तकांतला बोरू आणि तळ्यांतला बोरू एकच आहे, हें आम्हांस नववींतील एका मुलीच्या प्रश्नानें शिकविलें.

आतां विद्यार्थ्यांस थोडासा अभ्यास. आठवड्यांतून एक दिवस पहांटे, घराजवळच्या कोणत्याहि पाण्याच्या कांठीं अथवा कुंपणापाशीं दहा मिनिटें गप्प बसा. डोळे मिटले तरी चालतील. किती प्रकारचे आवाज आले तें वहींत लिहा. नांव ठाऊक नसेल तर आवाज जसा वाटला तसा अक्षरांनीं उतरवा. तारीख, वेळ व ठिकाण लिहिण्यास चुकूं नका. घरट्याजवळ जाऊं नका, त्यास हात लावूं नका. वर्षाअखेर ती वही तुमची स्वतःची असेल, आणि तींतील ज्ञान कोणत्याहि पुस्तकांतून उतरलेलें नसेल.

त्या तळ्याची हकीकत सांगून हा लेख संपवितों. बोरूचे दांडे आम्हीं कापले होते, मुळ्या चिखलांत शाबूत होत्या. पहिल्या पावसाळ्यांत तुरळक कोंब आले, दुसऱ्या पावसाळ्यांत बेट भरलें. यंदाच्या जानेवारींत आम्ही गेलों तेव्हां तें पुरुषभर उंच उभें होतें. गांवकऱ्यांशीं बोलणें झालें. धुण्याच्या घाटाजवळ वाट मोकळी ठेवावी आणि पलीकडचें बेट राखावें, हें त्यांनीं आनंदानें मान्य केलें; आमच्यापेक्षां त्यांसच तें लवकर पटलें. रिकामें घरटें शाळेच्या कपाटांत कांचेआड ठेविलें आहे, आणि त्याखालीं अचूक नांवाची चिठ्ठी आहे. तें आणणारी मुलगी आतां कऱ्हाडास महाविद्यालयांत जाते. परवां भेटली तेव्हां तिनें पहिलाच प्रश्न केला, ‘सर, बोरू वाढला का?’

वाढला आहे. ज्येष्ठांत पहिला पाऊस झाला कीं नववीच्या नव्या मुलांस घेऊन आम्ही त्या तळ्यावर जाऊन बसणार आहों. या खेपेस विळे घरीं राहतील. बरोबर असेल ती फक्त वही.